दोन ओळींचं अपील

बडतर्फीविरुद्ध केलेल्या खात्यांतर्गत अपिलाचं उत्तर बहुधा एका ठरावीक साच्यातून येतं. वर जावक क्रमांक, त्याखाली 'वाचा' म्हणून चार जुन्या पत्रांचे दाखले, आणि मग मजकूर : आपल्या अपील अर्जातील मुद्द्यांचा साकल्याने विचार करण्यात आला असून त्यात तथ्य आढळून येत नसल्याने शिस्तभंगविषयक प्राधिकाऱ्यांचा आदेश कायम ठेवून आपले अपील फेटाळण्यात येत आहे. खाली सही, शिक्का आणि प्रत कोणाकोणाला पाठवली त्याची यादी. बरेचदा ही यादीच मजकुरापेक्षा लांब भरते.

या दोन ओळींनी वीस-बावीस वर्षांची नोकरी संपते. नुसता पगार थांबत नाही. बडतर्फ झालेल्या किंवा सेवेतून काढून टाकलेल्या माणसाची आधीची सगळी सेवा निवृत्तिवेतनासाठी बाद धरली जाते. बडतर्फीत तर पुन्हा सरकारी नोकरीचं दारही सामान्यतः बंद होतं. भविष्य निर्वाह निधीतली स्वतःची रक्कम तेवढी हाती लागते. अर्थात माणूस खरोखर दोषी असेल तर हे सगळं त्याच्या वाट्याला यायलाच हवं. पण त्याने अपिलात पंधरा पानं लिहून काही मुद्दे मांडले असतील, तर त्यातला कोणता मुद्दा का पटला नाही, हे त्या दोन ओळींतून कुणालाच कळत नाही. त्यालाही नाही आणि पुढे फाइल उघडणाऱ्या न्यायमूर्तींनाही नाही.

'सरकारी नोकराला कोण काढतंय!' हे वाक्य एसटी स्टँडपासून दिवाणखान्यापर्यंत कुठेही ऐकू येतं. त्यातला राग समजण्यासारखा आहे. सात-बाराच्या उताऱ्यासाठी चार हेलपाटे घातलेला माणूस तलाठ्याच्या अपिलाच्या हक्काबद्दल हळवा होईल, अशी अपेक्षा मी ठेवत नाही. पण त्या वाक्याखाली एक गैरसमज आहे. सरकारी नोकराला काढता येतं, आणि काढतातही. घाईने, अर्धवट चौकशीवर आणि अपिलाचा नुसता उपचार उरकून काढलेला माणूस मग आठ-दहा वर्षांनी कोर्टातून परत येतो, आणि बरेचदा न केलेल्या कामाचा पगार घेऊन येतो. तो पगार हेलपाटे घालणाऱ्या माणसाच्याच करातून जातो.

घटनेचं कलम ३१० सांगतं की सरकारी नोकर राष्ट्रपतींची किंवा राज्यपालांची मर्जी असेपर्यंत पदावर राहतो. हा ब्रिटिश राजमुकुटाचा वारसा. त्या मर्जीला लगाम घालतं ते लगेच पुढचं कलम ३११. नेमणूक करणाऱ्यापेक्षा खालच्या अधिकाऱ्याला बडतर्फ करता येणार नाही. आणि आरोप सांगून, बाजू मांडायची वाजवी संधी देऊन, चौकशी केल्याशिवाय कोणालाच करता येणार नाही. तत्त्व नवं नव्हतं. १९३५च्या कायद्याच्या कलम २४०मध्ये ते होतं, आणि लोकसेवकांच्या चौकशीचा कायदा तर १८५०चा, म्हणजे कंपनी सरकारच्या काळातला. घटनेने त्याला घटनात्मक हक्काचं बळ दिलं, एवढंच.

आधी नोकराला अशा दोन संधी मिळत. एक आरोपांवर, आणि आरोप सिद्ध झाल्यावर दुसरी शिक्षेवर : 'तुम्हाला बडतर्फ करण्याचे योजिले आहे, का करू नये?' १९७६च्या बेचाळिसाव्या घटनादुरुस्तीने ही दुसरी संधी काढून घेतली. आणीबाणीच्या त्या दुरुस्तीतल्या मोठ्या गोष्टींच्या गदारोळात या बदलाकडे फारसं कोणी पाहिलं नाही. पण चौकशीला बसलेल्या कारकुनासाठी तोच सर्वांत मोठा होता. 'आरोप मान्य, पण शिक्षा फार जड आहे, माझी आधीची सेवा बघा,' हे म्हणायची जागाच गेली. ती उरली फक्त अपिलात.

सर्वोच्च न्यायालयाने हे ओळखलं ते १९८६मध्ये, राम चंदर विरुद्ध भारत सरकार या निकालात. गाझियाबादच्या लोको शेडमधला हा शंटर. वरिष्ठावर हात उगारल्याचा ठपका, उत्तर रेल्वेच्या महाव्यवस्थापकांनी सेवेतून काढलेलं, अपील रेल्वे बोर्डाकडे. रेल्वेच्या नियमांप्रमाणे अपील ऐकणाऱ्याने तीन गोष्टी तपासायच्या असतात : कार्यपद्धती पाळली का, निष्कर्षांना पुराव्याचा आधार आहे का, शिक्षा पुरेशी आहे की कमी की जास्त. बोर्डाने नियमातलीच भाषा उचलून उत्तर धाडलं : निष्कर्षांना पुराव्याचा आधार आहे आणि शिक्षा योग्य आहे. प्रश्नच उत्तर म्हणून परत. न्यायालयाने ते यांत्रिक ठरवून रद्द केलं. दुसरी संधी गेली म्हणूनच, न्यायालय म्हणालं, आता अपिलाचं महत्त्व वाढलं आहे. तिथे माणसाला समक्ष ऐकलं पाहिजे आणि आदेशात कारणं दिली पाहिजेत. प्रकरण पुन्हा बोर्डाकडे गेलं. शंटरची नोकरी गेली होती सत्तरच्या दशकाच्या सुरुवातीला. अपिलात आपलं म्हणणं कोणी ऐकावं, एवढ्यासाठी त्याला दिल्लीच्या सर्वोच्च न्यायालयापर्यंत यावं लागलं, तेही दशकभराहून अधिक काळ घालवून.

त्याला आता चाळीस वर्षं होत आली. तरी दोन ओळी येतच आहेत.

महाराष्ट्रात राज्य सरकारच्या नोकरांना लागू आहेत ते महाराष्ट्र नागरी सेवा (शिस्त व अपील) नियम, १९७९. ऑफिसात बोलताना नुसतं 'डीए रूल्स' म्हणतात, आणि चौकशीला 'डीई'. 'साहेबांवर डीई लागली' म्हटलं की टेबलाभोवतीचा चहा थंड होतो. नियम ५मध्ये शिक्षांची यादी आहे : ठपका ठेवणं, वेतनवाढ रोखणं इथपासून सक्तीची सेवानिवृत्ती, सेवेतून काढून टाकणं आणि बडतर्फीपर्यंत. किरकोळ शिक्षेसाठी नियम १०, जबर शिक्षेसाठी नियम ८. दोषारोपपत्राला चार जोडपत्रं असतात : पहिल्यात दोषारोपाच्या बाबी, दुसऱ्यात त्यांचा तपशील, तिसऱ्यात कागदपत्रांची यादी, चौथ्यात साक्षीदारांची. चौकशीचा कस खरा लागतो तो तिसऱ्या-चौथ्या जोडपत्रांत. आरोप लिहिताना शब्दांची कमतरता नसते : 'कर्तव्यात कसूर', 'सचोटी संशयास्पद', 'शासकीय कर्मचाऱ्यास न शोभणारे वर्तन'. पण त्याखाली दाखवायला काय आहे, ते या दोन याद्यांत दिसतं. कागदांच्या यादीत फक्त एक प्राथमिक चौकशी अहवाल आणि साक्षीदारांच्या यादीत तो लिहिणाऱ्या अधिकाऱ्याचं एकट्याचं नाव असेल, तर अनुभवी बचाव सहायक तिथेच चष्मा काढून ठेवतो. आता लढाई कशावर आहे ते त्याला कळलेलं असतं.

ज्याच्यावर आरोप आहेत तो या कागदांत 'अपचारी' होतो. चौकशी सुरू व्हायच्या आधीच. सरकारची बाजू मांडतो सादरकर्ता अधिकारी, आणि मध्ये बसतो चौकशी अधिकारी. तिघेही एकाच सरकारचे पगारदार. महाराष्ट्रात विभागवार प्रादेशिक चौकशी अधिकारी आहेत, निवृत्त अधिकाऱ्यांनाही मानधनावर नेमलं जातं, आणि विभागीय चौकशी नियमपुस्तिकेत रोजनामा कसा लिहावा इथपर्यंत सगळं दिलेलं आहे. कागदावर आपली व्यवस्था जगातल्या कुठल्याही देशाशी तोलावी इतकी नेटकी आहे.

पण चौकशी अधिकाऱ्याच्या मनात काय चालतं, याचा नमुना पाहायचा तर उत्तर प्रदेशातल्या मोहम्मद नूह या हवालदाराचं प्रकरण बघावं. त्याच्यावर बनावट पत्र तयार केल्याचा आरोप होता. चौकशी पोलीस अधीक्षकांपुढे चालू. एक साक्षीदार ऐनवेळी उलटला. झालं! अधीक्षकसाहेब न्यायाधीशाच्या खुर्चीवरून उठले, साक्षीदार झाले, स्वतःची साक्ष नोंदवून घेतली, पुन्हा खुर्चीत येऊन बसले आणि त्या साक्षीवर विश्वास ठेवून हवालदाराला बडतर्फ केलं. हे सगळं नैसर्गिक न्यायाच्या चिंधड्या उडवणारं आहे, यावर सर्वोच्च न्यायालयात कोणाचंच दुमत नव्हतं. तरी हवालदार हरला. बडतर्फी होती डिसेंबर १९४८ची, राज्यघटना आली जानेवारी १९५०मध्ये, आणि रिटचा अधिकार मागच्या काळाला लागू होत नाही, असं बहुमत म्हणालं. त्याच्या वतीने युक्तिवाद असा होता की खात्यातला शेवटचा अर्ज एप्रिल १९५०मध्ये, घटना लागू झाल्यावर फेटाळला गेला, तेव्हा अंतिम आदेश तोच धरा. बहुमताने ते मानलं नाही. मूळ आदेश दिल्या दिवसापासून अमलात होता म्हणे. एकट्या न्यायमूर्ती व्हिव्हियन बोस यांनी वेगळं मत नोंदवलं. बोस म्हणजे आपल्या नागपूरच्या उच्च न्यायालयाचे माजी मुख्य न्यायमूर्ती. कायद्याच्या काटेकोरपणात न्याय हरवू नये, ही त्यांची भूमिका त्या निकालपत्रात आजही वाचण्यासारखी आहे.

आता या सगळ्याच्या मुळाशी असलेली गोष्ट सांगतो, जी चौकशीला बसलेल्या दहांतल्या नऊ जणांना शेवटपर्यंत ठाऊक नसते. त्यांची समजूत असते की खात्यातलं अपील हा उपचार, खरा निकाल 'मॅट'मध्ये, म्हणजे महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणात, किंवा हायकोर्टात. 'इथे काय होणार नाही हो, सरळ मॅटला जाऊ,' हा सल्ला ऑफिसातले जाणते लोकही देतात. प्रत्यक्षात उलटं आहे. साक्षीपुराव्याचं वजन नव्याने करायचा आणि शिक्षा कमी-जास्त करायचा पूर्ण अधिकार असलेलं एकमेव व्यासपीठ म्हणजे खात्यातलं अपील. न्यायाधिकरण आणि न्यायालय हे चौकशीवरचं अपील ऐकतच नाहीत. सर्वोच्च न्यायालयाने १९९५च्या बी. सी. चतुर्वेदी प्रकरणात हे स्वच्छ सांगितलं आहे आणि नंतर अनेकदा दोहरवलं आहे : आम्ही निर्णय कसा घेतला ते तपासू, निर्णय बरोबर की चूक ते नाही. काहीतरी पुरावा आहे ना, मग तो पुरेसा आहे का यात आम्ही शिरणार नाही. शिक्षाही न्यायबुद्धीला धक्का बसावा इतकी अवाजवी असली तरच हात घालू.

म्हणजे बघा, लेखनिकाच्या साक्षीत दोन तारखा जुळत नाहीत, किंवा पंधराशे रुपयांच्या हिशेबातल्या घोळासाठी पंचवीस वर्षांची सेवा गेली, हे प्रश्न ऐकण्याचं ठिकाण एकच. आणि तिथून उत्तर येतं दोन ओळींचं.

हे असं का होतं? अधिकारी दुष्ट असतात म्हणून नाही. मला तर यातली सगळ्यांत गमतीची गोष्ट वेगळीच वाटते. हेच अधिकारी महसूल खात्यात बसून फेरफाराच्या अपिलात आठ-दहा पानांचा आदेश लिहितात. दोन भावांच्या बांधाच्या भांडणात वादीचं म्हणणं, प्रतिवादीचं म्हणणं, कागदपत्रांचा ऊहापोह, मग निष्कर्ष आणि मग आदेश. वकील उभे असतात, तारखा पडतात. त्या खुर्चीत त्यांना आपण न्यायनिवाडा करतो आहोत याची जाणीव असते. नोकराचं अपील मात्र त्यांच्यापुढे येतं ते आस्थापना शाखेची फाइल म्हणून. शाखेतला कारकून टिपणी ठेवतो, नायब तहसीलदार सही करतो, 'मान्य' असा शेरा मिळवून ती वर जाते. माणूस समोर नसतो, वकील नसतो, तारीख नसते. फाइल म्हणून आलेली गोष्ट फाइलसारखीच निकालात निघते.

त्यातही एक कागद फार महत्त्वाचा असतो : शिस्तभंगविषयक प्राधिकाऱ्याचे अभिप्राय. अपील आलं की ते मूळ आदेश देणाऱ्या अधिकाऱ्याकडे 'मुद्देनिहाय अभिप्राया'साठी जातं. हे योग्यच, दुसऱ्या बाजूलाही बोलू दिलं पाहिजे. पण हे अभिप्राय अपील करणाऱ्याला सहसा दाखवत नाहीत. एक पक्ष लेखी युक्तिवाद करतो आणि दुसऱ्याला तो वाचायलाही मिळत नाही. त्या कागदात कधी कधी दोषारोपपत्रात नसलेल्या गोष्टी शिरतात : 'सदर कर्मचाऱ्याबाबत यापूर्वीही तोंडी तक्रारी प्राप्त आहेत' वगैरे. १९९० आणि १९९३ साली सर्वोच्च न्यायालयाने, आधी मोहम्मद रमजान खान आणि मग करुणाकर प्रकरणात, चौकशी अहवालाची प्रत शिक्षेआधी कर्मचाऱ्याला दिलीच पाहिजे असं ठरवलं. निर्णय देणाऱ्याच्या मनावर परिणाम करणारा कागद ज्याच्याविरुद्ध आहे त्याला दिसला पाहिजे, हे त्यामागचं तर्कशास्त्र. तेच तर्कशास्त्र अभिप्रायांना का लागू होऊ नये, याचं समाधानकारक उत्तर मला कुठे सापडलेलं नाही. माहितीच्या अधिकारात टिपण्या मागता येतात, पण बहुतेक जण मागतात ते अपील फेटाळल्यावर.

आणि भीती. अपिलात शिक्षा कमी होते तशी नोटीस देऊन वाढवताही येते. वेतनवाढ रोखलेला माणूस अपिलात गेला आणि सक्तीने निवृत्त होऊन आला, अशा गोष्टी प्रत्येक जिल्ह्यात सांगितल्या जातात. त्यातल्या किती खऱ्या असतील देव जाणे, पण धाक बसायला तेवढं पुरतं.

अपील करायची मुदत पंचेचाळीस दिवस. ऐकायला बरी वाटते. पण बडतर्फ माणूस त्या पंचेचाळीस दिवसांत कुठल्या अवस्थेत असतो ते पाहिलं पाहिजे. बहुधा तो वर्ष-दोन वर्षं निलंबनात काढून आलेला असतो. निलंबनात निर्वाहभत्ता मिळतो, सुरुवातीला साधारण अर्धा पगार. तीन महिन्यांनंतर, दिरंगाई त्याची नसेल तर, तो वाढवता येतो. येतो म्हणजे वाढवावाच लागतो असं नाही. तो मिळण्यासाठी दुसरीकडे नोकरी करत नसल्याचा दाखला द्यायचा, मुख्यालय सोडायचं नाही. शेजारी विचारतात, आज रजा का? पोरांच्या शाळेत वडिलांचा व्यवसाय काय लिहायचा, यावर घरात वाद होतात.

भत्ता न देणं म्हणजे चौकशी न करणंच, हे सर्वोच्च न्यायालयाला दोन प्रकरणांत सांगावं लागलं. मध्य प्रदेशातल्या वनखात्याचा एक कर्मचारी निलंबनात रीव्याला राहत होता आणि चौकशी होती जगदलपूरला, सुमारे पाचशे किलोमीटरवर. भत्ता हातात पडलेला नाही, यायला पैसे नाहीत, असं त्याने कळवलं. चौकशी त्याच्याविना उरकली. १९७३मध्ये घनश्याम दास श्रीवास्तव प्रकरणात ती रद्द झाली. दुसरं प्रकरण कोलारच्या सोन्याच्या खाणीतलं. कॅप्टन पॉल अँथनी हे तिथले सुरक्षा अधिकारी. १९८५मध्ये घरावर छापा पडला. साडेचार ग्रॅम वजनाचा सोन्याचा एक गोळा आणि सोनं असलेली सव्वा किलोभर वाळू सापडल्याचा आरोप. निलंबित झाले, भत्ता नाही, माणूस केरळमधल्या घरी गेला. आजारी आहे, पैसे नाहीत, फौजदारी खटला संपेपर्यंत थांबा, अशी विनंती केली. कोणी थांबलं नाही. एकतर्फी चौकशी, बडतर्फी. त्यानंतर फौजदारी कोर्टाने त्याच पुराव्यावर त्यांना निर्दोष सोडलं : तो छापा आणि ती जप्तीच कोर्टाला पटली नाही. तरीही नोकरी परत मिळायला मार्च १९९९ उजाडला. कंपनी सरकारी होती, खात्यातलं अपीलही झालं होतं, आणि तेही फेटाळलं गेलं होतं. अपील ऐकणाऱ्याने 'या माणसाला यायला पैसे होते का?' एवढा एकच प्रश्न विचारला असता तर?

निलंबन लांबवू नका, नव्वद दिवसांत दोषारोपपत्र द्या, असं २०१५मध्ये अजयकुमार चौधरी प्रकरणात सांगितलं गेलं, आणि महाराष्ट्र सरकारने ९ जुलै २०१९ला त्यावर शासन निर्णयही काढला. त्याच वर्षी, म्हणजे २०१५ला, प्रेमनाथ बाली प्रकरणात विभागीय चौकशी शक्यतो सहा महिन्यांत आणि फार तर वर्षात संपवा, असं सांगितलं गेलं. अपिलाला मात्र असा दट्ट्या नाही. खरं तर आपल्याकडे २००५चा बदल्यांचा आणि दप्तर दिरंगाईचा कायदा आहे. त्यात कुठलीही फाइल सामान्यतः सात कामकाजाच्या दिवसांपेक्षा जास्त एका टेबलावर राहू नये असं लिहिलेलं आहे. बडतर्फीच्या अपिलाची फाइल एका टेबलावर चार-चार महिने पडून राहते तेव्हा या कायद्याची आठवण कोणालाच होत नाही.

काही नोकरांना तर चौकशीही मिळत नाही. कलम ३११चं दुसरं परंतुक तीन वाटा ठेवतं : फौजदारी शिक्षा झाली असेल, चौकशी करणं व्यवहारतः शक्य नसेल, किंवा राज्याच्या सुरक्षिततेच्या दृष्टीने ती करणं इष्ट नसेल. १९८५च्या तुलसीराम पटेल निकालाने या वाटा कायम केल्या. त्यातला मूळ पटेल जबलपूरचा ऑडिटर. वरिष्ठाच्या डोक्यात लोखंडी सळई मारल्याबद्दल त्याला शिक्षा झाली होती. त्याच्याबरोबर संपातले रेल्वे कर्मचारी, औद्योगिक सुरक्षा दलातले जवान अशी शेकडो माणसं होती. निकाल चार विरुद्ध एक. या निकालावर टीका भरपूर झाली, पण त्यातला एक भाग कमी वाचला गेला. चौकशी शक्य नव्हती म्हणून काढलेला माणूस अपिलात म्हणू शकतो की आता परिस्थिती निवळली आहे, आता करा चौकशी. म्हणजे इथेही शेवटी भार आला तो खात्यातल्या अपिलावरच.

मुंबई पोलिसांना ही दुसरी वाट चांगलीच परिचयाची. मे २०२१मध्ये सचिन वाझे यांना याच पोटकलमाखाली बडतर्फ केलं गेलं. ते आधी सोळा वर्षं निलंबित राहून २०२०मध्ये परत आलेले. त्यांच्या बाजूने अश्रू ढाळायचं कारण नाही. पण एकाच माणसाच्या बाबतीत शिस्तीची यंत्रणा एकदा सोळा वर्षं घेते आणि एकदा चौकशीच टाळते, हे तिच्या प्रकृतीबद्दल काहीतरी सांगतं. तिसरी वाट, सुरक्षिततेची, जम्मू-काश्मीरमध्ये २०२१पासून पन्नासहून अधिक कर्मचाऱ्यांवर वापरली गेली आहे. तिथे कारणं सांगायची नाहीत, चौकशी नाही. आणि आदेश राज्यपालांच्या किंवा राष्ट्रपतींच्या नावाने निघाला की नियमांप्रमाणे त्यावर अपीलच नसतं. आपल्याकडच्या वर्ग एकच्या अधिकाऱ्यांनाही हाच अनुभव येतो : शिक्षा शासनाच्या नावाने झाली की वर जायला पायरीच नाही, फार तर पुनर्विलोकन.

मग उरतं 'मॅट'. घटनेच्या ३२३-क कलमाखाली, १९८५च्या प्रशासकीय न्यायाधिकरण कायद्यानुसार महाराष्ट्राचं न्यायाधिकरण जुलै १९९१मध्ये सुरू झालं. मुंबई, नागपूर, संभाजीनगर अशी पीठं. मुंबईचं पीठ वर्षानुवर्षं नरिमन पॉइंटला, मंत्रालयापासून हाकेच्या अंतरावर बरॅकीत. ज्या इमारतीतून आदेश निघतात तिच्याजवळ, बैठ्या छपराखाली, त्यांच्याविरुद्धची दाद. १९९७च्या चंद्रकुमार निकालानंतर 'मॅट'च्या वर उच्च न्यायालय आलं, त्याआधी थेट दिल्ली गाठावी लागे. 'मॅट'ने माणसं परत घेतली आहेत, मोठमोठ्या साहेबांचे आदेश रद्द केले आहेत. पण प्रत्येक सरकारी पगाराला हे दार नाही. जिल्हा परिषदेचा ग्रामसेवक १९६४च्या वेगळ्या नियमांखाली येतो, विभागीय आयुक्तांकडे जातो आणि पुढे सरळ हायकोर्टात. एसटीचा वाहक तर सरकारी नोकर नाहीच. त्याला महामंडळातली अपिलं आणि मग कामगार न्यायालय. २०२१-२२च्या सहा महिन्यांच्या संपात बडतर्फीच्या नोटिसांचा पाऊस पडला तेव्हा महामंडळ सरकारात विलीन करण्याच्या मागणीमागे पगार होता तशी नोकरीची शाश्वतीही होती. शेवटी ती माणसं परत आली हायकोर्टापुढच्या तडजोडीने. एकेका अपिलाचा गुणवत्तेवर निकाल लागून नव्हे.

अमेरिकेचं उदाहरण द्यायचा मोह आवरत नाही, कारण तिथे तरी सगळं सुरळीत असेल असं आपल्याला वाटतं. संघराज्य सरकारच्या नोकरांच्या अपिलांसाठी तिथे १९७९पासून स्वतंत्र तीन सदस्यांचं मंडळ आहे, खात्यापासून पूर्ण वेगळं. जानेवारी २०१७मध्ये त्या मंडळाची गणसंख्या संपली आणि मार्च २०२२पर्यंत भरलीच नाही. सदस्य नेमायचे राहून गेले! साडेतीन हजारांहून अधिक प्रकरणं तुंबली. स्वतंत्र मंडळ कागदावर असणं आणि त्यात बसायला माणसं असणं यांत अंतर असतं. आपल्या न्यायाधिकरणांतल्या रिक्त जागांची रड ज्यांनी ऐकली आहे त्यांना हे नवं नाही.

म्हणून मला नव्या संस्थेपेक्षा जुन्या अपिलाची डागडुजी जास्त गरजेची वाटते. बडतर्फीचं अपील करणाऱ्याला समक्ष सुनावणी, अर्ध्या तासाची का होईना. अभिप्रायांची प्रत आणि त्यावर उत्तर द्यायला पंधरा दिवस. मुद्दागणिक कारणं लिहिलेला आदेश, जसा फेरफाराच्या अपिलात लिहितात तसाच. आणि अपील ऐकणारा अधिकारी मूळ निर्णयाच्या साखळीत कुठेच नसावा. ज्या आयुक्तांच्या तोंडी सूचनेवरून जिल्हाधिकाऱ्यांनी चौकशी लावली त्याच आयुक्तांकडे अपील जाणं ही थट्टा आहे. यांतल्या कशालाही घटनादुरुस्ती लागत नाही. एक शासन निर्णय पुरे. सरकारचं यात नुकसान काहीच नाही. नीट ऐकून, कारणं देऊन केलेली बडतर्फी कोर्टात सहसा टिकते. न ऐकता केलेली उलटते, आणि २०१३मध्ये महाराष्ट्रातल्याच एका शिक्षिकेच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने म्हटल्याप्रमाणे, बेकायदा काढलेला माणूस परत आला तर मागचा पगार देणं हा सामान्य नियम आहे.

तोवर, ज्याच्या हातात आदेश पडला आहे त्याने काय करावं? अपील स्वतंत्रपणे वाचलं तरी समजेल असं पूर्ण लिहावं. 'चौकशीतील माझे निवेदन पाहावे' एवढ्यावर भागवू नये. राग कितीही आला तरी भाषा सांभाळावी, अनुचित भाषेला नियमांत मनाई आहे. समक्ष सुनावणीची मागणी अर्जात ठळक करावी, म्हणजे पुढे ती नाकारली हा मुद्दा राहतो. दुय्यम प्रतीवर आवक शाखेचा शिक्का आणि तारीख घेतल्याशिवाय टेबल सोडू नये. अपिलावर सहा महिन्यांत निर्णय झाला नाही तर 'मॅट'चा रस्ता मोकळा होतो, आणि त्यानंतर एका वर्षात अर्ज करावा लागतो. मध्ये स्मरणपत्रं कितीही पाठवली तरी ती मुदत पुढे सरकत नाही. हे घड्याळ त्या शिक्क्यावरच्या तारखेपासून चालू झालेलं असतं, आणि आवक शाखेतला लिपिक जेवायला गेला असेल तर तो येईपर्यंत बाकावर बसून राहावं.